कोणी नाही, मीच

प्रिय मुली,

अनेक आशीर्वाद. तुझं पत्र पोचलं. शंकरपटाच्या (बैलांच्या शर्यतीच्या) रात्री तुमच्या मंडळाने शेक्सपिअरचं ‘ऑथेल्लो’ लावायचं ठरवलं आणि डेस्डिमोना तुझ्या वाट्याला आली, हे वाचून फार बरं वाटलं. पार्ट पाठ झाला, गाणं बसलं, पण मरतानाची दोन वाक्यं काही केल्या तोंडात बसत नाहीत, असं तू लिहितेस. ‘नवऱ्यानेच उशीखाली श्वास कोंडला, आणि ही म्हणते कोणी नाही, मीच. हे मी खरं वाटेल असं कसं बोलू?’ प्रश्न अगदी नेमका आहे. त्यामुळे उत्तरही जरा सविस्तर लिहितो.

आधी कागदावर काय आहे ते बघ. पाचवा अंक, दुसरा प्रवेश. बायको बेइमान आहे अशा संशयाने ऑथेल्लो तिला, म्हणजे डेस्डिमोनाला, उशीखाली दाबतो. दारावर तिच्या दासीची, एमिलियाची, थाप पडते. तेवढ्यात त्याच्या लक्षात येतं की अजून धुगधुगी आहे, म्हणून तो परत दाबतो. मग पलंगाचे पडदे ओढतो आणि एमिलियाला आत घेतो. ती बाहेरच्या मारामारीची बातमी सांगत असते. पहिल्यांदा दाबल्यापासून इथवर तीसेक ओळी होतात, म्हणजे दोन मिनिटं धर. आणि मग पडद्याआडून आवाज येतो.

तिला एकूण तीनच तुकडे दिलेले आहेत. पहिला : ‘अन्याय! अन्यायाने मारलं मला!’ दुसरा : ‘काही गुन्हा नसताना मरते मी.’ यावर एमिलिया विचारते, ‘कोणी केलं हे?’ मग तिसरा : ‘कोणी नाही. मीच. येते. माझ्या मायाळू धन्याला माझा नमस्कार सांग. येते!’

आता एक गोष्ट लक्षात घे. पहिले दोन तुकडे तिला कोणी विचारलेले नाहीत, ते तिचे तिने बोललेले आहेत. तिसरा मात्र प्रश्नाचं उत्तर आहे. आपल्याबद्दल बोलायचं असतं तोवर ती पूर्ण खरं बोलते : मला मारलं, आणि माझा दोष नाही. नाव सांगायची वेळ आली की तोंड मिटते. शेवटच्या उत्तरातही ती ‘मी दोषी’ असं म्हणत नाही. खून झाला आणि मी निर्दोष, हे दोन्ही तिने एमिलियाच्या कानावर घातलेलं आहे आणि ते ती मागे घेत नाही. झाकते ते फक्त एक नाव. बहुतेक नट्या तिसऱ्या तुकड्यावर सगळा भर देतात आणि पहिले दोन कण्हण्यात घालवतात. तिथेच सगळं बिघडतं. पहिलं वाक्य तक्रारीसारखं लख्ख ऐकू आलं नाही, तर तिसऱ्यात ती काही लपवते आहे हे पेंडालात बसलेल्याला कळणार कसं? मग ती नुसती भोळी, बावळी, मार खाऊन नवऱ्याचे पाय धरणारी दिसते.

तुझ्यासमोर बसणाऱ्या बायांना हे वाक्य परकं नाही. जळालेल्या बाईच्या खाटेशी नायब तहसीलदार येतो, बाई शुद्धीवर आहे असं डॉक्टर लिहून देतो आणि जबाब सुरू होतो. ‘स्टोव्हचा भडका उडाला.’ ‘पाय घसरला.’ ‘कोणावर संशय नाही.’ मरणाऱ्याच्या शब्दाला कायद्याने वजन दिलेलं आहे. १८७२च्या पुरावा कायद्यात ते कलम ३२मध्ये होतं, आता भारतीय साक्ष्य अधिनियमात कलम २६मध्ये आहे. त्या वजनामुळेच तो शब्द वळवला जातो, कधी लेकरांसाठी, कधी माहेरासाठी, कधी धाकाने. डेस्डिमोनाचं वाक्य आपल्याकडच्या बाईच्या कानावर पडतं तेव्हा तिला चारशे वर्षांपूर्वीचं सायप्रस दिसत नाही, जिल्ह्याच्या दवाखान्यातला जळीत वॉर्ड दिसतो. हे ध्यानात ठेव, पण त्यावर अभिनय करू नकोस. ते काम प्रेक्षकांचं आहे. तू जर ‘बघा, आपल्याकडे असंच होतं’ असं सुचवायला गेलीस, तर वाक्याचं भाषण होईल. शिवाय एक फरक आहे. डेस्डिमोनाला लेकरू नाही. बाप तिच्या लग्नाच्या धक्क्याने गेला आहे, आणि ते तिला ठाऊकही नाही. धाक घालणारं कोणी राहिलं नाही, धाक घालणाऱ्याने जे करायचं ते करून टाकलं आहे. म्हणून तिचं खोटं भीतीचं ठरत नाही. ती ते निवडते.

ही कथा शेक्सपिअरने चिंथिओ नावाच्या इटालियन लेखकाकडून घेतली. त्याचा कथासंग्रह १५६५चा. त्या कथेत नायिकेला वाळू भरलेल्या मोज्याने मारतात आणि वरून जुनं छत पाडतात, अपघात दिसावा म्हणून. तिथे खोटा अपघात मारणारे रचतात. शेक्सपिअरने छत काढून टाकलं आणि खोटं बोलण्याचं काम मरणारीच्या तोंडी दिलं. ‘कोणी नाही, मीच’ ही ओळ त्याची स्वतःची आहे. ज्या अर्थी त्याने ती मुद्दाम घातली, त्या अर्थी तुमच्या दिग्दर्शकाने ‘प्रेक्षकांना पटणार नाही’ म्हणून ती कापू नये, हे त्याला सांग. ती ओळ काढली तर एमिलियाचा पुढचा सगळा भाग उघडा पडतो.

आता तिचा स्वभाव. आपल्या रंगभूमीवर सोशिक नायिकेचा एक घट्ट साचा आहे, आणि तो ‘एकच प्याला’मधल्या सिंधूने घडवला. (गडकऱ्यांनी शेवटचा श्वास घेतला तो आपल्या सावनेरला, २३ जानेवारी १९१९ रोजी. तिकडे गेलीस तर आठवण ठेव.) सिंधू मोठीच भूमिका आहे, पण डेस्डिमोना सिंधू नाही. ही बापाला न सांगता रात्री घर सोडून लग्न करते. भर सभेत, राज्य चालवणाऱ्या म्हाताऱ्यांसमोर उभी राहून सांगते की माझं कर्तव्य आता दोन ठिकाणी वाटलं गेलं आहे, आणि मी नवऱ्यासोबत लढाईच्या मुलखात जाणार. नवऱ्याने कामावरून काढलेल्या कॅसिओची नोकरी परत मिळावी म्हणून नवऱ्याच्या मागे भुणभुण लावते. आणि मरताना? ती जीव मागते. ‘उद्या मारा, आज रात्र जगू द्या.’ ‘अर्धा तास तरी.’ ‘एक प्रार्थना म्हणू द्या.’ एकेक पायरी खाली येत ती सौदा करते. या तीन ओळी तू जीव तोडून बोल, हातपाय झाड, उशी ढकल. जी इतकी जगू पाहते, तिचं ‘कोणी नाही’ हे शरण जाणं वाटणारच नाही. सभेत बोलणारी आणि खाटेवर बोलणारी एकच बाई आहे, हे तुझ्या पहिल्या अंकातल्या आवाजावर ठरणार आहे. म्हणून शेवटचं वाक्य बसत नसेल तर तालीम शेवटापासून करू नकोस. सभेच्या प्रवेशापासून कर.

ती खोटं बोलायला पाचव्या अंकात शिकत नाही. तिसऱ्या अंकात ऑथेल्लोने दिलेला रुमाल हरवलेला असतो आणि ऑथेल्लो विचारतो, तेव्हा ती म्हणते, ‘हरवला नाही.’ हरवलेला असतो. त्याआधी सायप्रसच्या बंदरावर, त्याचं जहाज आलेलं नसताना ती हसतखेळत बोलते आणि मध्येच स्वतःशी म्हणते की मी आनंदात नाही, वरवर दाखवते आहे. म्हणजे आतलं झाकून घरातली शांतता राखायची तिला सवय आहे. बंदर, रुमाल आणि मरण ही तीन ठिकाणं वहीत एकाखाली एक लिही. तिन्ही ठिकाणी खोटं बोलण्याआधी किंचित थांबण्याची तुझी एकच लकब ठेव. बोटांनी पदराचं टोक धरणं असेल, डोळे क्षणभर खाली जाणं असेल, काहीही चालेल, पण तिन्हीकडे तेच. आपला प्रेक्षक रात्रभर बसून बघणारा आहे, तो असल्या खुणा बरोबर टिपतो. पलंगावर चादरीचं टोक तुझ्या चिमटीत आलं की ‘रुमालाच्या वेळी असंच केलं होतं’ हे त्याला आठवेल. तुला वेगळं काही करावं लागणार नाही.

गाण्याबद्दल. चौथ्या अंकात ती म्हणते ते ‘विलो’च्या झाडाचं गाणं तुमच्या संहितेत आहे हे वाचून समाधान वाटलं. १६२२च्या छापील प्रतीत ते जवळजवळ नाहीच, १६२३च्या प्रतीत पूर्ण आहे. त्यामुळे काही जण वेळ वाचवायला ते गाळतात. गाळू नका. त्या गाण्यात ती चुकून एक ओळ आधी म्हणते : ‘कोणी त्याला बोल लावू नका.’ आणि मग थांबून म्हणते, ‘नाही, ही ओळ पुढची नाही.’ तीच ‘कोणी’ पुढच्या अंकात परत येते. गाण्यात ‘कोणी नका’, मरताना ‘कोणी नाही’. भाषांतरात दोन्हीकडे ‘कोणी’ हाच शब्द ठेवा. एकीकडे ‘कुणीही’, दुसरीकडे ‘कोणीच’ असं झालं तर धागा तुटतो. आणि तुमच्या ऑर्गनवाल्यांना हात जोडून सांग की इथे साथ नको. आपल्याकडे गाणं म्हटलं की ऑर्गन, तबला आणि वन्समोअर. हे पद रंगवायचं नाही. केस सोडताना, दागिने उतरवताना कोणी गुणगुणावं तसं ते तुटत तुटत यायला हवं. वन्समोअर मिळाला तर समज की चुकलं.

आता शब्द. ‘कोणी नाही. मीच.’ एवढंच ठेव. ‘मी स्वतःच माझा घात केला’ असलं भरताड नको. इथे आपली मराठी तुला एक देणगी देते. ‘मी आले’मध्येही ‘मी’ आणि ‘मी केलं’मध्येही ‘मी’, रूप बदलत नाही. म्हणून ‘मीच’ या एका शब्दात ‘मीच केलं’ हेही येतं आणि ‘ही मीच आहे, माझ्या निवडीची मीच जबाबदार’ हेही येतं. पुढे ‘केलं’ जोडलंस की दुसरा अर्थ मरतो. अर्थाबद्दल जाणकारांत मतं पुष्कळ आहेत. कोणी म्हणतं ती नवऱ्याला वाचवते, कोणी म्हणतं क्षमा करते, कोणी म्हणतं स्वतःला दोष देते, कोणी म्हणतं शुद्ध हरपत आली आहे. माझं मत तुला सांगतो, पण तू ते बोलून दाखवायचं नाहीस. ती एमिलियाचा प्रश्न बंद करते. नटाला अर्थ बोलता येत नाही, कृती करता येते, आणि इथली कृती एवढीच आहे : पुढे विचारू नकोस. दार लोटावं तसं ‘कोणी नाही’. मग एमिलियाच्या डोळ्यांत अविश्वास दिसतो, म्हणून कडी घालावी तसं ‘मीच’. दोन शब्दांच्या मध्ये एमिलियाचा चेहरा बघायला जेवढा वेळ लागतो तेवढाच पॉज. मोजून एक श्वास. त्याहून लांबवलास तर रडवायचा पॉज होतो.

‘मायाळू’ हा शब्द मी मुद्दाम लिहिला. चौथ्या अंकात ती इयागोसमोर (ऑथेल्लोचे कान भरणारा तोच) म्हणते की त्यांच्या निष्ठुरपणाने माझा जीव जाईल, पण माझ्या प्रेमाला डाग लागणार नाही. मूळ इंग्रजीत तिथला ‘निष्ठुर’ आणि इथला ‘प्रेमळ’ हे एकाच शब्दाचे दोन चेहरे आहेत. मराठीत ते जोडायचे तर ‘माया’ घ्या. चौथ्या अंकात ‘त्यांची माया आटली तर माझा जीव जाईल, माझ्या मायेला मात्र डाग लागायचा नाही’, आणि शेवटी ‘माझ्या मायाळू धन्याला’. ‘प्राणनाथ’, ‘स्वामी’ नको, ते पौराणिक होतात. ‘धनी’ आपल्याकडच्या बोलण्यातला शब्द आहे, त्यात नवराही आहे आणि मालकही.

दोन वेळा निरोप आहे, आणि दोन्ही वेळा ‘येते’ असंच म्हण. आपल्याकडे घरातून निघताना बाईने ‘जाते’ म्हणायचं नसतं. मरणारी बाईही सवयीने ‘येते’ म्हणते, यात जे आहे ते कोणत्याही ‘अलविदा’त नाही. पहिलं ‘येते’ एमिलियाला, रोजच्यासारखं. दुसरं सुटत जाणारं. खेड्यातल्या प्रयोगात ‘येतो मी’ असं वऱ्हाडी रूप घ्यावं का, असं तू विचारलं आहेस. आपल्या बाया ‘मी येतो’च म्हणतात हे खरं. पण तू साडेचार अंक प्रमाण भाषेत बोलली असशील तर शेवटच्या शब्दाला बोली आणू नकोस, लोक चमकतील आणि हसतीलही. एमिलियाला पहिल्यापासून बोली देता आली तर द्या. तिचं रोखठोक बोलणं बोलीत जास्त खुलेल.

हसण्यावरून आठवलं. मेलेली बाई बोलली की पेंडालात हसू फुटायचा धोका खरा आहे, आणि ते एका पोराने केलं की सगळं गेलं. त्यावर उपाय मूळ संहितेतच आहेत. ऑथेल्लोने ‘अजून जीव आहे?’ हे वाक्य गिळायचं नाही, ते मागच्या रांगेला ऐकू जायला हवं, म्हणजे ती वाचू शकते ही शक्यता पेरली जाते. आणि पहिली हाक पडद्याआडूनच यायला हवी. पलंगाच्या पडद्यासाठी साधी सुती मच्छरदाणी वापरा, नायलॉनची चमकते आणि आरपार दिसते. ती चार काठ्यांवर ताण, पुढची बाजू एका दोरीवर सरकती ठेव. ऑथेल्लो ती ओढतो, तू दिसेनाशी होतेस, आणि नुसता आवाज येतो. एमिलिया विचारते, ‘हा कोणाचा आवाज?’ मगच ती पडदा सारते. प्रेक्षक एमिलियासोबत घाबरले की हसत नाहीत. दोरी रोज प्रयोगाआधी दहा वेळा ओढून बघ, गाठ अडकली की प्रवेश अडकतो.

खाट रंगमंचाच्या मधोमध, प्रेक्षकांना समांतर टाकू नका. तशी टाकली तर फक्त नाक दिसतं. उशाचं टोक पुढे आणि एका बाजूला येईल अशी तिरकी घ्या. प्रेक्षकांपासून लांबच्या दोन पायांखाली एकेक आडवी वीट ठेवा, साधारण तीन इंच उचल मिळते आणि अंग पुढे कललेलं दिसतं. विटेखाली पोत्याचा तुकडा हवा, नाहीतर झटापटीत ती सरकते. टांगलेले माईक रंगमंचाच्या पुढच्या काठाला असतात, झोपून बोललेलं त्यात येत नाही. ऑथेल्लो दिवा घेऊन येतो, तो दिवा ठेवायला उशाशी स्टूल लागतंच. त्या स्टुलावर, दिव्याच्या मागे एक माईक लपव. तोंडापासून वीतभर अंतर असू दे. चिकटवलंस तर श्वासाचा फूत्कार ऐकू येतो.

आवाज घोगरा करू नकोस. गळा आवळून बोललीस तर दुसऱ्या प्रयोगाला आवाज बसेल, आणि हा प्रवेश रात्री दोन-तीनला येणार, थंडीत. युक्ती श्वासाची आहे. आधी उभ्याने पूर्ण श्वास घेऊन तिन्ही तुकडे स्वच्छ म्हण. मग अर्धा श्वास सोडून, उरलेल्यावर म्हण. मग जवळजवळ सगळा सोडून. आवाज आपोआप पातळ होतो, गळ्यावर ताण येत नाही. हे जमलं की आडवी हो, पण उशी खांद्यांच्याही खाली यायला हवी, नुसती डोक्याखाली नको, नाहीतर हनुवटी छातीला लागून शब्द गुदमरतात. पहिला तुकडा जास्त हवेवर, दुसरा अर्ध्यावर, ‘कोणी नाही’ उरलेल्यावर. ‘मीच’च्या आधी एक छोटा, ऐकू येणारा श्वास. शब्दाच्या शेवटचा ‘च’ पूर्ण उच्चार. तो खाल्ला तर नुसतं ‘मी’ ऐकू येतं आणि सगळी मेहनत वाया जाते.

उशीबद्दल एक गोष्ट सक्तीची समज. ऑथेल्लोने वजन तुझ्या चेहऱ्यावर टाकायचं नाही. त्याचे दोन्ही हात उशीच्या कडांवर, जोर गादीवर. तू चेहरा स्टेजच्या मागच्या बाजूला वळव, नाकासमोर पोकळी राहील. मनात आठपर्यंत मोजायचे, जास्त नाही. आणि तुझ्या एका हाताची खूण ठरव : त्याच्या मनगटावर दोनदा थापटलं की लगेच सोडायचं, नाटक गेलं तरी चालेल. ही खूण प्रॉम्प्टरलाही माहीत असू दे.

तुमचे कोणी वडीलधारे सुचवतील की शेवटी तिला हिरवं नेसवू, मळवट भरू, अहेव मरण दाखवू, बाया रडतील. नम्रपणे नाही म्हण. तिने चौथ्या अंकात एमिलियाला लग्नातल्या चादरी पलंगावर घालायला सांगितलेल्या आहेत, आणि म्हटलं आहे की मी आधी मेले तर यातल्याच चादरीत मला गुंडाळ. तेवढी पांढरी चादर पुरे. इतर प्रवेशांत पलंगावर रंगीत घाला, म्हणजे ती वेगळी दिसेल.

चेहऱ्यावर फार काही करू नकोस. १६१०च्या सप्टेंबरमध्ये ऑक्सफर्डला हे नाटक झालं, तेव्हा बघणाऱ्या एकाने पत्रात लिहून ठेवलं आहे की डेस्डिमोना बोलली चांगलीच, पण पलंगावर मेलेली असताना नुसत्या चेहऱ्याने तिने लोकांच्या मनाला जास्त हात घातला. तेव्हा ती भूमिका मुलगा करत होता.

एक निर्णय मात्र तुलाच घ्यायचा आहे, आणि तो ऑथेल्लो करणाऱ्याला आधी सांगायचा : ‘धन्याला नमस्कार सांग’ म्हणताना ती त्याला बघते की नाही? तो तिथेच, पाच पावलांवर उभा आहे. तिला तो दिसत नसेल, तर तो निरोप खरोखरचा निरोप आहे. दिसत असेल, तर ती त्याच्या देखत त्याच्याशी बोलते आहे, पण एमिलियाच्या हातून. मला दुसरं जास्त खरं वाटतं, एका अटीवर. ‘कोणी नाही, मीच’ हे एमिलियाच्या डोळ्यांत बघून, ‘नमस्कार सांग’ हेही तिच्याकडेच बघून, आणि दुसऱ्या ‘येते’ला नजर त्याच्यापर्यंत पोचते न पोचते तोच थांबते. आधीच त्याच्याकडे बघितलंस तर एमिलियाला लगेच कळायला हवं, आणि संहितेत तिला ते त्याच्या तोंडूनच कळतं.

तुझं खोटं टिकतं किती? मोजून चार छोटी वाक्यं. ऑथेल्लो म्हणतो, तिला कोण मारेल? एमिलिया म्हणते, कोणास ठाऊक. तो म्हणतो, मी नव्हे, असं ती स्वतःच म्हणाली, तू ऐकलंस. ती म्हणते, हो, म्हणाली, मला खरं तेच सांगावं लागेल. तिथे तो सुटला होता. आणि त्याच क्षणी तो सांगून टाकतो, ती खोटं बोलत नरकात गेली, मीच मारलं तिला. त्याच्या या वाक्यात ‘मीच’ आहे. तू टाकलेला ‘मीच’ तो उचलतो. त्याला सांग की तो शब्द तुझ्याच सुरात घे, अगदी तुझ्याच उंचीवर. ही दोघांची मिळून तालीम करा, बाकी प्रवेश नंतर.

त्यानंतर तू मेलेली, आणि पुढे जवळजवळ अडीचशे ओळी आहेत. पंधरा मिनिटं तरी धर. पोटाने श्वास घे, छाती हलू देऊ नकोस, चादर बरगड्यांपर्यंत सैल असू दे. चादरीखाली पातळ घोंगडी ठेव, पहाटेच्या गारठ्याने शहारा आला तर तो लपायला हवा. तोंड किंचित उघडं, जीभ खालच्या दातांमागे, म्हणजे गिळावं लागत नाही. एमिलिया मरताना तुझ्या बाजूला झोपवायला सांगते, तुझं गाणं म्हणते आणि तू निष्कलंक होतीस हे सांगत जीव सोडते. तिचा आवाज तुझ्या कानाशी असेल, पापणी हलेल, म्हणून त्या वेळी चेहरा मागच्या बाजूला कललेला असू दे. तिच्यासाठी डाव्या अंगाला हातभर जागा ठेव. शेवटी ऑथेल्लोही त्याच खाटेवर कोसळतो. तिघांचं वजन त्या खाटेला पेलायला हवं, तेव्हा निवार किंवा दोरी असेल तर ती काढून साधी फळी ठोकून घ्या, आणि खिळ्यांची टोकं खालून वाकवली आहेत ना ते स्वतः हात फिरवून बघ.

तुझा,
मास्तर